टेकडीवरून गोल

दाताच्या डॉक्टरांकडे जाताना माणूस फारशा अपेक्षा घेऊन जात नाही. कमी दुखावं, आणि दुखलंच तर चारचौघांत ओरडायची वेळ येऊ नये, एवढंच. चष्मेवाल्याचीही त्या दुपारी एवढीच अपेक्षा होती. डावी दाढ आठवडाभर ठणकत होती म्हणून दुकान बंद करून तो आला होता आणि बाहेरच्या खोलीत गालाला हात लावून, जगाशी आपलं काही देणंघेणं नाही अशा चेहऱ्याने बसला होता. शेजारच्या खुर्चीवर एक आजी होत्या. त्यांचा गाल चांगलाच सुजला होता, पण बोलण्यावर त्याचा काहीही परिणाम झालेला नव्हता. समोरच्या भिंतीकडे बोट करून त्या म्हणाल्या, "हा खालचा जबडा ना हो?" टेबलाशी बसून एकेकाला आत सोडणारी मुलगी मान वर न करताच म्हणाली, "खालचाच. सगळे तेच विचारतात." चष्मेवाल्याने वर पाहिलं. भिंतीवर दाराएवढा एक फोटो लावला होता. फिकट वाळू, तिच्यावर ओल्या गडद रेघांनी काढलेला एक लांबुडका आकार, कडेने ओळीने बसवलेले छोटे छोटे गोल, अगदी दातांसारखे. एक टोक छान वळलेलं, आणि दुसरं कोणीतरी अंगठ्याने आत दाबल्यासारखं चपटं. त्या चपट्या टोकापाशी एक काळा ठिपका होता. चष्मेवाला उठला, फोटोजवळ गेला, चष्मा कपाळावर सरकवून नाक काचेला लागेल इतका वाकला. ठिपक्याला पाय होते. हातात दाताळं होतं, आणि डोक्यावर एका बाजूला फाटलेली रुंद टोपी. ती टोपी त्याच्या घरी, दाराच्या मागच्या खुंटीला, त्या क्षणी लटकत होती.

"आवडला ना?" आत गेल्यावर डॉक्टरांनी विचारलं, आणि सगळे दाताचे डॉक्टर विचारतात तसं, समोरच्याच्या तोंडात दोन हत्यारं घातल्यावर विचारलं. "आमच्या एका पेशंटने दिला. ड्रोन आहे त्याच्याकडे. बरोब्बर डोक्यावरून काढलाय, नव्वद अंशात. कोणीतरी खुळे येतात म्हणे किनाऱ्यावर. ओहोटीला उकरत बसतात, भरती आली की सगळं साफ. मला कसला आनंद झाला म्हणून सांगू! जबड्याचं एवढं चांगलं चित्र पुस्तकात नाही. आणि तो ठिपका पाहिलात? मी पेशंटना सांगतो, वेळेवर दात घासले नाहीत तर ही अशी कीड." चष्मेवाला म्हणाला, "आं." याहून जास्त मत मांडण्याची त्याची परिस्थिती नव्हती.

घरी परतताना त्याने बस सोडून दिली आणि चालत निघाला. गालाचा अर्धा भाग बधिर होता, आणि तो दुसऱ्या कुणाचा तरी गाल आपण पोचवायला निघालो आहोत असं त्याला वाटत होतं. कुणीतरी चोरून फोटो काढला याचं त्याला वाईट वाटत नव्हतं. खुळे म्हटल्याचं तर मुळीच नाही. गेली वीसएक वर्षं तो स्वतःबद्दल तेच म्हणत आला होता, आणि त्यात थोडी मिरवण्याची हौसही होती. त्याला खटकत होती ती वेगळीच गोष्ट. त्या दिवशी त्याने काढला होता तो गोल. साधासुधा नव्हे, तर आजवरच्या सगळ्यांत मोठा, कडेने छोट्या गोलांची झालर असलेला गोल. दोरी न घेता, खुंटी न ठोकता, निव्वळ पायांनी आणि दाताळ्याने. काम संपलं तेव्हा कानातल्या इअरफोनमध्ये बायकोचा आवाज आला होता, "झाला. गोल झाला. या आता." आणि तो दाताळं खांद्यावर टाकून, एखाद्या सरदाराने लढाईहून परतावं तसा निघाला होता. आता त्याला कळत होतं की आपण जबड्यातून चालत आलो.

वरचा आणि खालचा, अशी त्यांच्या कामाची वाटणी होती. खालचा म्हणजे तो. ओल्या वाळूत दाताळं ओढत मागे मागे चालायचं. वरची कोरडी साय निघून खालची गडद वाळू दिसते, तीच रेघ. वाळूत उभं राहिलेल्या माणसाला आपण काय काढतोय ते दिसतच नाही. त्याला दिसतात ते दाताळ्याचे दात आणि आपले अंगठे. म्हणून वर टेकडीच्या कडेला बायको असायची. सुरुवातीला तिच्या हातात दोन रुमाल असायचे, लाल म्हणजे बाहेर आणि पांढरा म्हणजे आत. मग फोन आले आणि ती त्याच्या कानात येऊन बसली. "जरा बाहेर. अजून. अजून हो, घाबरताय काय? हां, आता वळा." टेकडी चढायला वेळ लागायचा, आणि त्याचे गुडघे लागलेल्या वेळेत स्वतःची भर घालायचे. तो अर्ध्या वाटेवर पोचेपर्यंत पाणी येऊन आपलं काम करून गेलेलं असायचं. त्यामुळे स्वतःची एकही रेघ त्याने आजवर पाहिलेली नव्हती. फोटो काढायचा नाही, हा नियम बायकोचा. "नाटकाचा फोटो काढला तर त्यात नाटक येतं का?" असं ती म्हणायची, आणि नाटकाच्या बाबतीत तिच्याशी वाद घालण्यात अर्थ नव्हता, कारण ती नाटकांचे पोशाख शिवायची. नाट्यगृहाच्या मागच्या बाजूला, खिडकी नसलेल्या लांबलचक खोलीत, मुंडकी नसलेल्या पुतळ्यांच्या गर्दीत तिची मशीन होती. राजे, भिकारी, भुतं, सगळ्यांची मापं तिला पाठ होती.

सुरुवात मात्र कलेबिलेने झाली नव्हती. पहिल्यांदा त्या किनाऱ्यावर गेले तेव्हा चष्मेवाल्याचा चष्मा हरवला. दुसऱ्यांचे चष्मे विकणारा माणूस स्वतःचा चष्मा वाळूत हरवतो, यात हसण्यासारखं काय आहे हे त्याला अजून समजलेलं नव्हतं, पण बायको त्यानंतर कित्येक दिवस भांडी घासताना मधेच हसायची. किनाऱ्यावर शेवाळ गोळा करणाऱ्या एका बाईकडून त्याने दाताळं मागून आणलं आणि शोधायला लागला. शोधायचं तर पद्धतीनं, म्हणून मधोमध सुरुवात करून तो गोल गोल बाहेर येऊ लागला. डोळ्यांपुढे सगळं दुधासारखं धूसर. बायको कंटाळून टेकडीवर जाऊन बसली होती. बऱ्याच वेळाने वरून तिची हाक आली. चष्मा सापडला, वर येतो, असं काहीतरी ओरडण्यासाठी त्याने मान उचलली, कारण चष्मा त्याच क्षणी त्याला खरोखरच सापडला होता, शर्टाच्या खिशात, पण ती म्हणत होती, "थांबू नका!" आणि थोड्या वेळाने, जणू पुतळ्यावर चढवलेल्या झग्याकडे पाहत असावी तशा आवाजात, "उजवीकडे फुगलंय, ते आत घ्या." त्याने चष्मा खिशातच राहू दिला आणि ते आत घेतलं. का, हे त्याला त्या वेळी सांगता आलं नसतं आणि आताही आलं नसतं. आंधळ्यासारखं चालताना कुणीतरी वरून आपल्याला पूर्ण पाहतंय, एवढी एक जाणीव पाठीवर उन्हासारखी पडली होती. दुकानात दिवसभर तो लोकांच्या नाकावर चाचणीची चौकट चढवून काचा बदलत असे आणि विचारत असे, "आता बरं, की आधी बरं?" त्याला स्वतःला असं विचारणारं कुणी नव्हतं. किनाऱ्यावर तेवढं ते उलटं होई: तो विचारे, ती सांगे. आणि ती "झालं" म्हणाली की ते झालेलं असे. जगात इतर कुठल्याही बाबतीत त्याची इतकी खात्री नव्हती. काचा घासताना केसाएवढी चूक राहते. हिशोबात राहते, मुलं वाढवताना तर विचारूच नका. पण आपण एक गोल काढतो आणि तो गोल असतो, ही गोष्ट त्याने कुणाला कधी सांगितली नव्हती, आणि गर्दीत पाकीट चाचपावं तशी मनातल्या मनात तो ती अधूनमधून चाचपून पाहत असे.

घरी पोचला तेव्हा बायको स्वयंपाकघरातल्या टेबलावर कुणा सेनापतीची बाही उसवत बसली होती. त्याने टोपी खुंटीवर आहे की नाही ते आधी पाहिलं. मग अर्ध्या बधिर तोंडाने सगळं सांगितलं. जबड्याचं ऐकून ती इतकी हसली की तोंडातली टाचणी काढून ठेवावी लागली. "आणि तुम्ही कीड!" ती म्हणाली. "डॉक्टर चांगला दिसतोय. बदलू नका."

"हसण्यासारखं काय आहे? तो गोल नव्हता."

"कोण म्हणतं? होता की."

"फोटो बघ जाऊन. लांबलचक आहे. समुद्राकडे ताणलेला."

"मग ताणायला नको?" तिने त्याच्याकडे असं पाहिलं की जणू त्याने चहात साखर का घालतात असं विचारलं असावं. "टेकडीवरून बघताना लांबचं चेपलेलं दिसतं ना. तिथून गोल दिसायचा तर खाली लांबच काढायला हवा. हा सेनापती आहे, याच्या झग्याची पुढची कड मी चार बोटं खाली सोडते. का? कारण बघणारे खाली बसतात आणि हा वर उभा असतो. हातात धरून बघितलं तर वाकडाच दिसणार. हातात धरून कोण बघतं?"

"म्हणजे तुला माहीत होतं."

"तुम्हाला नव्हतं?" आता तिचा हात थांबला. "अहो, तुम्ही चष्मेवाले ना?"

त्याला खरोखरच माहीत नव्हतं. पायांना मात्र शंका आली असावी. एका बाजूला वळण लवकर येई, समुद्राकडे जाताना येतच नसे, आणि त्याला वाटे की थकव्याने असं वाटतंय. तिचं म्हणणं पटत होतं, आणि पटत होतं म्हणूनच राग येत होता. मग त्याला फोटोतलं दुसरं टोक आठवलं. "बरं, ताणलेला ते ठीक," तो म्हणाला. "पण समुद्राकडचं टोक चपटं आहे. ते टेकडीवरून तर आणखीच चपटं दिसलं असेल. तिथे तरी तो गोल कसा होता?"

तिने टाचणी पुन्हा तोंडात धरली. टाचणी तोंडात असली की तिला बोलता येत नाही, असा घरात फार जुना समज होता. "तेवढं चालतं," ती टाचणीच्या बाजूने म्हणाली आणि बाहीत शिरली.

तेवढं चालतं. पुढचे काही दिवस हे दोन शब्द दाढेच्या जागी ठणकत राहिले. दाढ गेली होती, पण जीभ तिथल्या खड्ड्याशी पुन्हा पुन्हा जात होती, आणि मन या शब्दांशी. दुकानात गिऱ्हाईक येई, चौकट चढवून तो काचा फिरवी आणि विचारी, "आता बरं, की आधी?" एक गृहस्थ, बहुधा कुठल्यातरी कचेरीत वरच्या हुद्द्यावर असावेत, प्रत्येक काचेला मान डोलावून "बरं, बरं" म्हणत होते. शेवटी त्याने चौकटीत नुसती खिडकीची काच घातली. "हे तर फारच छान," गृहस्थ म्हणाले. एरवी तो मनात हसला असता. त्या दिवशी त्याला धडकीच भरली. माणसं बरं म्हणतात ते समोरच्याला बरं वाटावं म्हणून. हे त्याला धंद्यात शिरल्याच्या पहिल्याच आठवड्यात कळलं होतं. मग घरच्या बाबतीत ते इतकी वर्षं कसं सुचलं नाही? ती टेकडीवर बसली आहे, वारा सुटला आहे, घरी जाऊन दहा कामं आहेत, खाली नवरा घाण्याच्या बैलासारखा फिरतो आहे. म्हणावं बिचाऱ्याला झालं, गोल झाला. दया असेल. कंटाळा असेल. दोन्हींतलं काय कमी वाईट, याचा तो काचा पुसता पुसता विचार करी आणि एक काच चारचारदा पुसली जाई. एकदा त्याला वाटलं, फोटोचा नियम यासाठीच असेल. पण मग लक्षात आलं, ती उभी राहते तिथून फोटो काढला असता तर तो ताण दिसलाच नसता. म्हणजे नियम प्रामाणिक होता. यामुळे त्याला बरं वाटायला हवं होतं, पण एका गुन्ह्यातून सुटलेल्या माणसावर दुसऱ्याचा संशय अधिकच घट्ट बसतो, तसं काहीसं झालं. ताणण्याबद्दल ती इतकं भरभरून बोलली; चपट्या टोकाबद्दल टाचणी.

मोठी ओहोटी आली आणि गेली, तो गेला नाही. दाढेची जखम ओली आहे, वारा लागेल, असं त्याने सांगितलं. वाऱ्याचा आणि दाढेचा संबंध काय, असं तिने विचारलं नाही, आणि हे जास्त लागलं. त्या रविवारी दोघं घरात बसून होती. ती घरच्या मशीनवर, तो पेपरपुढे. आणि दुपारी, आता पाणी सर्वांत मागे हटलं असेल त्या वेळेला, दोघांनीही एकदमच घड्याळाकडे पाहिलं आणि दोघांनीही पाहिलं नाही असं दाखवलं. संध्याकाळी ती म्हणाली, "पुढच्या खेपेलाही दाढ ओलीच राहणार असेल तर सांगा. ती दाताळी खालच्या मजल्यावरच्या बाईंना देऊन टाकते, त्यांना बागेला हवीच आहेत." आवाजात राग नव्हता. पोशाख परत द्यायची वेळ झाली की ती नटांशी असंच बोलायची. मुलं आपापल्या गावी गेल्यापासून दोघांच्या मधे बोलण्यासारखं जे काही उरलं होतं, त्यातलं बरंचसं त्या किनाऱ्यावर, तिच्या "अजून बाहेर" आणि त्याच्या "आता?" यात मावलेलं होतं. दाताळी गेली की ते जाणार. आणि खालीच राहून पुन्हा तिचं "झालं" ऐकणं, तेही त्याच्याने होणार नव्हतं. तो ऐकेल आणि विश्वास ठेवल्याचं नाटक करील, आणि नाटक तिच्यासमोर करण्याइतका खुळा तो नव्हता.

"या वेळी मी वर जातो," तो म्हणाला. "तू खाली."

"गुडघे?"

"ते माझे आहेत, मी बघीन."

"बरं," ती म्हणाली. इतक्या लवकर म्हणाली, की त्याला आपण फसलो असं वाटलं. "दोरी घेऊ का? मला काही तुमच्यासारखं नुसत्या पायांनी जमायचं नाही."

"घे," तो म्हणाला. आणि मनात म्हणाला, दोरीच घे. बघूच दे मला एकदा, खरा गोल कसा असतो तो.

टेकडी त्याच्या आठवणीपेक्षा मोठी झाली होती. तो मधे मधे दृश्य बघण्यासाठी थांबल्याचं दाखवत चढला, बघायला कुणी नसतानाही. वर कडेपाशी एक सपाट दगड होता, आणि त्याच्यापुढचं गवत उंबऱ्यासारखं झिजलेलं. म्हणजे ती बसत नव्हती, उभी राहत होती. फेऱ्या घालत होती. तो दगडावर बसला, इअरफोन कानात घातला आणि खाली पाहिलं. आधी त्याला ती सापडलीच नाही. वाळू फार मोठी होती, करड्या रंगाची, ओली, चकाकणारी, आणि तिच्यात टोपी घातलेला तो एवढासा ठिपका डॉक्टरांच्या भाषेत कीडच होता. मग तो ठिपका हलला, आणि चालण्याची ढब ओळखीची निघाली; डावा पाय जरा बाहेर टाकत, हातात काहीतरी जड असल्यासारखं. कानात तिचा श्वास ऐकू येत होता, आणि ठिपका मात्र इतका लांब, की दोन्ही मिळून एकच माणूस आहे हे मनाला पटवावं लागत होतं. तिने खुंटी ठोकली, दोरी ताणली, आणि एकही शब्द न बोलता, कापड कापावं तशा सफाईने फिरून आली. दाताळ्यामागे गडद पट्टा उमटत गेला आणि जिथून निघाला तिथे येऊन मिळाला.

"झाला का गोल?" तिने विचारलं.

चष्मेवाल्याने पाहिलं. खुंटी होती, दोरी होती, कुठेही फसवाफसवी नव्हती; भूमितीच्या कुठल्याही मास्तरने पूर्ण मार्क दिले असते. आणि समोर दिसत होतं ते जेवणाच्या टेबलावर पलीकडे ठेवलेल्या ताटासारखं चेपलेलं, आडवं, ओशाळं काहीतरी. त्याने चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. आता बरं, की आधी? कुणी विचारलं नव्हतं, तरी प्रश्न ऐकू आला. हो म्हणावं तर खालची वाळू खूश, डॉक्टर खूश, ड्रोनवाला खूश. आणि इथे बसलेला एकटा तो, डोळे असून, खोटा.

"नाही," तो म्हणाला.

"मग?"

"दोरी सोड."

ती हसली की धापेचा आवाज होता, ते कळलं नाही. तिने दोरी गुंडाळून बाजूला टाकली. "सांगा," ती म्हणाली. आणि त्याने सांगायला सुरुवात केली. समुद्राकडे. अजून. अजून जरा. गंमत म्हणजे सांगताना त्याच्या तोंडून तिचेच शब्द येत होते, "घाबरतेस काय" सकट. ती दाताळं ओढत मागे मागे जात राहिली, जुना पट्टा मागे सोडून, आणि तरीही गोल पुरा होईना. वरून पाहिलं तर अजून बोटभरच उचललेला. कुठल्याही शहाण्या माणसाने आपल्या बायकोला पाठवलं नसतं इतक्या लांब त्याने तिला पाठवलं तेव्हा कुठे वळण दिसायला लागलं. याच वेळी त्याला तो चर दिसला.

किनारा खालून सपाट वाटतो. पाणी समोरून येतं, पांढऱ्या रेघेने, सांगून-सवरून. तो नेहमी तीच रेघ बघत काम करायचा आणि ती लांब आहे तोवर निश्चिंत असायचा. वरून वेगळंच दिसत होतं. डावीकडच्या खडकांपासून वाळूत एक उथळ चर निघाला होता आणि वळून तिच्या मागून, तिच्या आणि टेकडीच्या मधून गेला होता. समोरची रेघ अजून जागची हलली नव्हती, आणि चरात मात्र पाणी शिरत होतं. आवाज न करता. घरातलं कुणी उठू नये म्हणून चोरपावलांनी येणाऱ्यासारखं. वळणावर ती पाठमोरी झाली होती, तिला ते दिसणं शक्य नव्हतं. त्यालाही इतकी वर्षं दिसलं नव्हतं. परतताना पाय घोट्यापर्यंत भिजायचे, आणि त्याला वाटायचं, इथे वाळू ओलीच असते. तो दगडावरून उठला. झिजलेल्या गवतावर त्याच्या फेऱ्या सुरू झाल्या. गोलाचं समुद्राकडचं टोक अजून उघडं होतं. तिथे सावकाश, पोट भरून वळायला हवं होतं. त्याने चराकडे पाहिलं, ठिपक्याकडे पाहिलं, पुन्हा चराकडे.

"झाला," तो म्हणाला. "गोल झाला. ये आता."

कानात थोडा वेळ नुसता वारा. "अहो, कुठे झाला? मला इथून दिसतंय, मधे अजून फट आहे."

"तेवढं चालतं. सरळ जोडून टाक आणि ये."

ठिपका थांबला होता. दाताळं टेकवून, कमरेवर हात ठेवून उभा होता, आणि चष्मेवाल्याला वाटलं की इतक्या अंतरावरूनही ती आपल्याकडे बघते आहे. "चर भरतोय का?" तिने विचारलं, दूध उतू जातंय का असं विचारावं तसं.

"भरतोय," तो म्हणाला.

"अर्धा की पाऊण?"

"अर्धा. अर्ध्याला जरा कमी. तू ये."

"मग वेळ आहे," ती म्हणाली. "तुम्हाला मी पाऊण होईपर्यंत ठेवायचे. त्याच्यापुढे मात्र माझ्याच्याने बघवायचं नाही."

"इतकी वर्षं... सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं असतं तर तुम्ही मागे वळून वळून बघत बसला असता. रेघ बिघडली असती." दाताळ्याचे दात वाळूत रुतल्याचा आवाज आला. "आता घाबरायचं काम तुमचं. मी जरा नीट पुरं करते. तुम्ही फक्त पाऊण झाला की सांगा. आणि तोवर अजून बाहेर म्हणायचं असेल तर म्हणा."

"अजून बाहेर," तो म्हणाला. ती बाहेर गेली. घाईने नाही, तिला घाई कधीच जमली नव्हती. कपड्याची कड दुमडावी तशी वाळू दुमडत, डावा पाय जरा बाहेर टाकत. चष्मेवाला कडेपाशी उभा होता. चरातलं पाणी खडकांच्या सावलीतून बाहेर आलं, उन्हात आलं, एका गोट्याला वळसा घालून पुढे सरकलं. त्याला वाटलं, आपण सतत बोलत राहायला हवं, बोलणं थांबलं की ती दिसेनाशी होईल. आणि तो बोलत राहिला, जरा आत, हां, तसंच, आता वळ, वळत राहा. खरं म्हणजे तो रेघेकडे बघतच नव्हता. सांगितलेलं बरोबर येत होतं की चूक, हे नंतर त्याला शपथेवर सांगता आलं नसतं. पाण्याने गोट्याच्या पलीकडचा उंचवटा गाठला तसं तो ओरडला, "पाऊण! पाऊण झाला!" आणि एवढं ओरडायची गरज नव्हती, ती त्याच्या कानातच होती.

"कळलं हो," ती म्हणाली. "मिळालीच फट. निघाले."

तिने दाताळं खांद्यावर टाकलं, दोरी आणि खुंटी उचलली आणि टेकडीच्या दिशेने चालू लागली. चरापाशी आल्यावर थांबली, पायजम्याचे पाय वर दुमडले, एक मग दुसरा, बागेत शिरावं तशी पाण्यात शिरली. पाणी पोटऱ्यांपर्यंत आलं. मधोमध तिचा तोल किंचित गेला, तेव्हा वर चष्मेवाल्याने कड्यावर हवेत हात धरला. मग ती अलीकडे आली, कोरड्या वाळूत पाय आपटून वाळू झटकली, टोपी काढून वारा घेतला, आणि पहिल्यांदाच मान वर करून नीट त्याच्याकडे पाहिलं. आता ती इतकी जवळ होती की कानातला आवाज आणि खालची बाई एकच आहेत हे पटवावं लागत नव्हतं.

"अहो," ती म्हणाली, "कसा दिसतोय?"

समुद्राच्या बाजूने पाणी गोलाच्या आत यायला लागलं होतं. चष्मेवाल्याने शर्टाच्या टोकाने घाईघाईने चष्मा पुसला.

"थांब," तो म्हणाला, "बघतो."